शनिवारचं माकडलिंबू

१४ मार्च, शनिवार

आज पहिल्यांदा लिंबू-मिरच्या घेऊन दारोदार फिरले. पदर नाकापर्यंत ओढलेला, जशी काही चोरी करायलाच निघाले होते. भाईदास बाबा कायमचे गावी गेले आणि जाताना आपली लाईन मला देऊन गेले. उधन्यातल्या दोन गल्ल्यांची दुकानं आणि मागच्या बाजूला मगनभाई शेठचं लूमचं खातं, म्हणजे कापड विणायचा कारखाना. साड्यांवर टिकल्या चिकटवायचं माझं काम मशीननं खाल्लं. यांचे गुडघे गेले, पांडेसऱ्याच्या रंगाच्या मिलमध्ये आता उभं राहवत नाही. मग नाही म्हणून सांगणार तरी कुणाला?

बाबांनी निघताना समोर बसवून शिकवलं. जुनं उतरवायचं, नवं बांधायचं. सात मिरच्या, लिंबू, खाली बिब्बा. "लिंबू डागी नको. आणि ओवताना मनात खोट नको, पोरी. लोक आपल्या भरवशावर शटर उघडतात." मी हो हो म्हटलं. मनात म्हटलं, बाबा, लिंबूच देताय की देवळाची किल्ली?

मोबाईलच्या दुकानात गायत्रीच्या कॉलेजची मैत्रीण उभी होती. ते दुकान सोडून मी पुढं सटकले आणि ती गेल्यावर परत आले. गायत्रीला सांगितलं तर म्हणते, "त्यात काय, मम्मी?" त्यात काय म्हणे! तिला लाज वाटत नाही म्हणून तिच्या वाटणीचीही मलाच वाटते.

१७ मार्च

ही डायरी मार्केटच्या शेठनं दिवाळीला दिलेली. टिकल्यांचं काम होतं तेव्हा. वर गुजरातीत लक्ष्मीची आरती छापलीय. गायत्री म्हणाली, तुला दिवसभर बडबडायला कुणी नसतं, यात बडबड. बडबडते बाई.

२१ मार्च, शनिवार

शेठच्या खात्यात आत जायची मला भीती वाटते. लूमच्या आवाजात आपलाच आवाज आपल्याला ऐकू येत नाही. बाहेरच्या दाराला एक आणि आत देवाच्या फोटोखाली एक बांधायचं असतं. आतला खिळा कोपऱ्यात आहे. तिथं मशीनच्या फिरत्या पट्ट्यांवरच्या लोखंडी जाळ्या काढून भिंतीला टेकवून ठेवल्यात, त्यावर कारीगरांचे टॉवेल वाळत असतात. एक जाळी आडवी टाकून त्यावर बसून दोघं डबा खात होते. मला वाट द्यायला उठले बिचारे.

२८ मार्च, शनिवार

लिंबाला आग लागलीय. भाजीवाली लिंबांना हात लावू देईना, लांबूनच दाखव म्हणते, जशी काही सोनाराची पेढी. वाळकी, सुरकुतलेली तेवढी परवडली. ती ओवून बांधली. एका दुकानदारानं वर बघून नुसतं "हं" केलं. त्या "हं"नं मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

३ एप्रिल, शुक्रवार

नवापूरहून रंजना वहिनीनं पॅसेंजरला बसलेल्या कुणाबरोबर पोतडी पाठवली. यांच्या गुडघ्यांसाठी माकडलिंबं. तिळाच्या तेलात उकळायची आणि ते तेल चोळायचं.

लहान होते तेव्हा आम्ही बकऱ्या घेऊन जायचो त्या टेकडीवर याची झुडपं होती. काटे असे की परकर सोडवताना रडू यायचं. पानं चकचकीत, चुरगाळली की लिंबाचा वास. फूल पांढरं, मोगऱ्याच्या धाकट्या बहिणीसारखं. फळ हुबेहूब लिंबू, पण सुपारीपेक्षा थोडं मोठं. एकदा भावानं पैज लावून मला चावायला लावलं होतं. संध्याकाळपर्यंत तोंड कडू होतं. माकडं तेवढी आवडीनं खातात.

पोतडी उघडली आणि घरभर वास सुटला. हिरवीगार, घट्ट, एकालाही डाग नाही. मी बराच वेळ बघत बसले. हे म्हणाले, "तेल कवय करशी?" मी म्हटलं, करते, उद्या करते.

४ एप्रिल, शनिवार

केलं. तेल नाही, ते दुसरंच.

सुई घातली तर सालीतून बारीक फवारा उडाला, डोळ्यात गेला. डोळा चोळत चोळत सगळी ओवली. मिरच्यांमध्ये ते चांगलं दिसत होतं, उलट त्या वाळक्या लिंबांपेक्षा देखणं. दुकानदारांनी वर पाहिलं, मान हलवली. कुणाला काही कळलं नाही. लिंबू-मिरचीकडे खरं तर कुणी बघतच नाही, ती आहे एवढंच बघतात.

घरी येऊन आंघोळ केली. का केली कोण जाणे, सकाळी केलीच होती.

६ एप्रिल

गायत्रीला आडून आडून विचारलं, माकडलिंबू म्हणजे लिंबूच ना गं? तिनं मोबाईलमध्ये बघितलं. म्हणाली, "लिंबाच्याच कुळातलं आहे मम्मी. अटलांटिया म्हणतात. लिंबाची रानटी भावंडं, गरम देशांतल्या जंगलात होतात. थोड्याच जाती आहेत." मग मला कलम की काय ते सांगायला लागली, मी ऐकलं नाही. भावंडं म्हणाली ना, बस. सख्खा नसला तरी चुलत. चुलतभाऊ लग्नात मामाच्या जागी उभा राहतोच की.

मग एवढं पटलंय तर छातीत का धडधडतंय?

११ एप्रिल, शनिवार

आज मगनभाई शेठ स्वतः दारात. वर बघितलं आणि म्हणाले, "कुसुमबेन, लींबु नानुं केम?" लिंबू लहान का, म्हणे. तोंडातून निघून गेलं, "गावठी आहे शेठ, देशी." ते खूश. "देशी सारुं. पावर वधारे." आणि हात जोडून पाया पडले. माणूस त्या खोट्या लिंबाच्या पाया पडत होता आणि मी बाजूला उभी. जमीन फाटावी आणि आत जावं असं झालं.

भाईदास बाबांना फोन करावा म्हणून दोनदा मोबाईल हातात घेतला. केला नाही.

१८ एप्रिल, शनिवार

उद्या अखाजी, आमची अक्षय्य तृतीया. उधन्यातले निम्मे खानदेशी गावी पळाले. गौराईची गाणी, झोके, पुरणपोळ्या, शिवाय लग्नं. आम्हीच काय ते गुडघे धरून इथं. खात्यात माणसं कमी, पण मशीन सगळी चालू. शेठ म्हणत होते माल द्यायचाय.

प्रवीण एकटा चार मशीनींच्या मध्ये पळत होता. जालन्याकडचा पोरगा, लहानगी मुलगी आहे त्याला, माझ्याशी नेहमी बोलतो. जवळ येऊन कानात ओरडला, "मावशी, हे कोणतं लिंबू हो?" मी थिजले. म्हटलं, गावठी. "वास लय भारी हाय. एक द्या की. काल सकाळपासून मशीनवर हाय, बदलीला कुणीच नाही. वास घेतला की झोप उडती." पिशवीतली दोन दिली. एक खिशात टाकलं, दुसरं नखानं खरवडून नाकाला लावलं आणि हसला.

गुणी पोरगा. त्याचं तरी काम झालं म्हणून जरा बरं वाटलं.

२० एप्रिल, सोमवार

कमल सांगत आली. शेजारच्या खोलीतली, खात्यात झाडू मारते ती. काल पहाटे प्रवीणला उभ्या उभ्या झापड आली, तोल गेला आणि उजवा हात पट्ट्यात. मनगटापासून गेला.

मी पुरणपोळी ताटात वाढत होते. अखाजीची उरलेली. पोळी तशीच हातात.

माझ्यामुळे. माझ्याचमुळे. खोटं लिंबू बांधलं मी त्या खात्यावर आणि वर त्याच्या हातातही दिलं. त्याच हातात.

२१ एप्रिल

सरकारी दवाखान्यात गेले. प्रवीण झोपेच्या औषधात. बायको शीतल, मांडीवर पोर, डोळे कोरडे. मला म्हणाली, "मावशी, तुम्ही आलात, लय बरं वाटलं." ती असं म्हणाली आणि मला तिथं उभं राहवेना. केळी ठेवली आणि पळाले. जिन्यात बसून रडले. लोकांना वाटलं असेल माझंच कुणी गेलं.

२२ एप्रिल

यांना सांगितलं. हे म्हणाले, "तू येडी व्हयनी का? कोणले काही सांगू नको. तोंड बंद ठेव." लाईन जाईल याची भीती, दुसरं काही नाही.

गायत्रीनं ऐकलं. ती वेगळंच भांडायला लागली. "मम्मी, दोन दिवस झोपू दिलं नाही त्याला. पट्ट्यावर जाळी नव्हती. तू मला स्वतः सांगितलंस, टॉवेल वाळत घालतात म्हणून. लिंबाचा काय संबंध?" मी म्हटलं, जाळी तर कधीच नव्हती. कमल म्हणते इतकी वर्षं नव्हती, मग आत्ताच का झालं? ती कपाळाला हात लावून बसली. शिकलेल्या पोरांना एवढं साधं उत्तर देता येत नाही.

२५ एप्रिल, शनिवार

आज खरी लिंबं. कानातल्या बाळ्या मोडल्या. एकेक लिंबू देवाला दाखवून ओवलं.

शेठनं सगळ्या पट्ट्यांवर जाळ्या बसवून घेतल्यात, हिरव्या रंगाच्या. रंग ओला होता, माझ्या पदराला लागला. टॉवेल दोरीवर गेलेत. शेठ माणूस काळजीवाला आहे, लगेच सुधारणा केली. मी मात्र अजून गप्प.

प्रवीणचा चुलता सखाराम, तोही तिथंच कारीगर, कोपऱ्यात चार जणांना घेऊन बोलत होता. कमल म्हणाली, केस करणार आहेत, तपासायला सरकारी साहेब येणार आहे, चौघं सांगायला तयार आहेत. बिचाऱ्या शेठवर केस. आणि जिनं केलं ती मिरच्या ओवत बसलीय.

२७ एप्रिल

राहवलं नाही. गेले शेठच्या केबिनमध्ये. उभ्या उभ्या सगळं सांगून टाकलं. लिंबू महाग, पोतडी, माकडलिंबू, देशी म्हणून खोटं बोलले ते. वाटलं आता हाकलतील, शिव्या घालतील, मला हव्याच होत्या.

शेठ पेपरवेट फिरवत राहिले. मग त्यांचा चेहरा असा मऊ झाला की काय सांगू. "बेसो, बेन." खुर्ची दिली! खात्यात आजवर मला कुणी खुर्ची दिली नव्हती. कपबशीत चहा मागवला. म्हणाले, "तमे बहु साचा माणस. कुसुमबेन, हे सगळ्यांच्या सामने बोलशो? शनिवारे. तुमचं मन हलकं थाय, त्यांचं पण."

मी म्हटलं, बोलते. केवढा मोठा माणूस. दुसरा असता तर पोलिसात दिलं असतं.

२ मे, शनिवार

बोलले.

लूम बंद केले होते. त्या खात्यात एवढी शांतता मी पहिल्यांदाच ऐकली. अखाजीहून परत आलेले सगळे कारीगर, शेठ, शेठचा भाऊ, आणि एक पॅन्ट-शर्टातले पाहुणे खुर्चीत चहा पीत होते. पूजेचे महाराजही बोलावलेले. एकदा सुरू झाल्यावर थांबले नाही. म्हटलं, माझ्या हातून पाप झालं, मी लिंबाच्या जागी माकडलिंबू बांधलं, पोराचा हात माझ्यामुळे गेला, शेठचा काही दोष नाही. ते शेवटचं शेठनं सांगितलं नव्हतं, मीच म्हटलं. मनापासून म्हटलं.

सखाराम ओरडला, "ओ बाई, काय बोलायलाव तुम्ही? जाळी..." पण आपल्याकडचेच दोघं त्याला म्हणाले, "काका, बाई सोता सांगी राह्यनी ना." मग एकेक जण दाराकडे, त्या नव्या लिंबाकडे बघत होता. एकानं कानाला हात लावला. पाहुण्यांनी चहा संपवला.

सगळ्यांच्या नजरा अंगावर घेऊन घरी आले. लाज वाटली, पण अंग धुतल्यासारखं झालं.

३ मे

महिन्याभरात पहिल्यांदा झोपले. शेठचा माणूस येऊन सांगून गेला, शेठच्या भावाच्या तिन्ही खात्यांची लाईन आता माझी. हे एवढे खूश की गुडघ्यांचं विसरून उठून उभे राहिले. गायत्री जेवली नाही.

५ मे

शिऱ्याचा डबा घेऊन शीतलकडे गेले. म्हटलं, आता तिच्या पाया पडायचं, एवढंच राहिलंय.

एक खोली. प्रवीण भिंतीकडे तोंड करून पडलेला, कापड गुंडाळलेला हात उशीवर. मी पाया पडायला वाकले तर शीतल मागं सरकली.

"मावशी, तिथं चहा पीत बसले होते ते कोण, माहीत हाय का तुम्हाला?"

मी म्हटलं, शेठचे पाहुणे.

"तपासायला आलेले साहेब होते ते. त्यांच्यासमोर बोललात तुम्ही. हिरव्या जाळ्या बघितल्या त्यांनी, तुमचं ऐकलं आन गेले." ती अजिबात ओरडत नव्हती. पोरीला थोपटत होती. "चार जण बोलणार होते. आता चुलत्याबिगर कुणी तोंड उघडंना. म्हणतात, नजरेचं काम हाय, आपण कशाला मधी पडायचं. शेठ म्हणतो, दया म्हणून देतो तेवढं घ्या आन गावाला जा."

म्हटलं, शीतल, मी तर खरं तेच सांगितलं गं.

भिंतीकडे तोंड असलेला प्रवीण म्हणाला, "जाऊ दे, शीतल. मावशीला काय कळतंय." रागानं म्हणाला असता तर बरं झालं असतं.

तिनं डबा परत माझ्या हातात दिला. शिरा गरमच होता अजून.

६ मे

दिवसभर तेच. जाळ्या दर शनिवारी माझ्या डोळ्यांसमोर होत्या. दोन दिवस त्याला झोप नाही हे त्यानं माझ्या कानात ओरडून सांगितलं होतं. मी काय केलं, तर वास घ्यायला लिंबू दिलं. शेठनं खुर्ची दिली आणि मी विरघळले. एका खुर्चीला आणि कपबशीला विकली गेले. लाज लाज म्हणत होते इतके दिवस, ती कशाला म्हणतात ते आज कळलं.

शेठच्या भावाकडे निरोप पाठवला, तुमची लाईन नको. मगनभाईंचं खातंही नको. हे तोंड फिरवून झोपले. गायत्रीला म्हटलं, मला सखारामकडे घेऊन चल. ती उठली आणि माझ्या गळ्यातच पडली.

११ मे, सोमवार

युनियनच्या वकिलांकडे गेलो. मी, गायत्री, सखाराम. शीतल आधीच येऊन बाकावर बसलेली, माझ्याकडे बघितलं नाही.

वकिलांनी विचारलं, जाळ्या कुठं असायच्या? म्हटलं, कोपऱ्यात भिंतीला टेकवून, टॉवेल वाळत असायचे. कधी पाहिल्या? दर शनिवारी. अपघाताच्या आदल्या दिवशीही? हो, त्या दिवशीही. प्रवीण काय म्हणाला? तेही सगळं सांगितलं. वकील ताठ बसले. म्हणाले, बाहेरचं माणूस, खात्याचं मिंधं नाही, तुमच्यासारखा साक्षीदार मिळत नाही. शीतलनं पहिल्यांदा वर पाहिलं. तिचा चेहरा बघून मला वाटलं, देवानं ऐकलं.

"आता एकच," वकील म्हणाले. "ते विचारतील, मग लिंबामुळे हात गेला असं सगळ्यांसमोर का म्हणालात? तुम्ही सांगायचं, शेठनं बोलावून बोलायला लावलं. मी घाबरले होते. मला तसं वाटत नाही. म्हणा बघू."

मी म्हटलं, "शेठनं बोलावून बोलायला लावलं. मी घाबरले होते."

"पुढं?"

पुढं येईना. सालीतून डोळ्यात उडालेला तो फवारा आठवला. शेठ पाया पडत होते ते. प्रवीणनं हसून ते नाकाला लावलं होतं ते. गायत्रीनं माझा हात दाबला. "मम्मी, म्हण ना. मला तसं वाटत नाही. एवढंच."

वकिलांनी चष्मा काढला. "म्हणजे अजून वाटतं तुम्हाला?"

मी म्हटलं, "जाळीमुळे गेला, साहेब. कळतं मला. जाळी असती तर हात राहिला असता, हे कळतं. पण लिंबू खोटं होतं हो."

वकिलांनी पेनाला टोपण लावलं. म्हणाले, उलटतपासणीत पहिल्या पाच मिनिटांत संपेल हे. आवाज मऊच होता त्यांचा.

शीतल उठली. पोरीला खांद्यावर घेतलं, चपला घातल्या, सखारामला म्हणाली, "चला काका, गावाकडच्या गाडीचं बघू." माझ्या अंगावरून गेली तरी तिचा पदर मला लागू दिला नाही.

रस्त्यानं गायत्री माझ्या पुढं चालत होती. घराच्या जवळ थांबली आणि मागं न बघता म्हणाली, "एक खोटं तर बोलायचं होतं, मम्मी. शेठसमोर किती सोपं बोललीस."

देशी आहे म्हणाले होते मी, तेवढं सोपं. शीतलसाठी नाही जमलं.